तिसरं रीळ आधी

मुलीनं नेलपॉलिश पुसायची बाटली उघडली आणि मला फिल्म जोडायच्या सोल्यूशनचा वास आला. खूप वर्षांपूर्वी जालन्यातल्या आमच्या फिल्म क्लबात एका जुन्या स्वीडिश दिग्दर्शकाचा चित्रपट लागला होता. हा माणूस हसवायचा, रडवायचा आणि संकलनही स्वतःच करायचा, असं भाषण मीच ठोकलं होतं.

मध्येच ऑपरेटर रफिकचाचा कानाशी आले. "भाऊ, तिसरं रीळ दुसऱ्याच्या आधी लागलं. बंद करू का? अध्यक्ष मला कामावर ठिवणार न्हाईत मंग."

"चालू द्या चाचा. इथं स्वीडिश कुणाला कळतंय?"

शेवटी अध्यक्षच म्हणाले, "काय संकलन आहे!" टाळ्या पडल्या. चाचांचं काम वाचलं.

आता लग्नाचे व्हिडिओ जुळवून डोळे थकतात, तेव्हा तो दूरचा दिग्दर्शक आठवतो. त्यानं जिवापाड जुळवलेलं आम्ही विस्कटलं आणि त्यालाच शाबासकी दिली.