विहिरीसकट विकलेला तुकडा

बोरी अरबच्या बाजारात आमच्या शेताची जी कथा सांगितली जाते, तिच्यात मी पेढा खाल्ला एवढेच एक वाक्य खरे आहे. बाकी सारी रचना माझ्या धाकट्या भावाची.

वस्तुस्थिती अशी. वडिलांचे शेत आम्हा तिघांच्या सामाईक मालकीचे: मी, धाकटा भाऊ आणि कळंबला दिलेली बहीण. सातबाऱ्यावर नावे तीन, कसणारे दोघे. मध्ये एक धुरा, म्हणजे बांध. अलीकडे माझी कपाशी, पलीकडे विहिरीच्या अंगाला भावाचे सोयाबीन. ही सोय होती, वाटणी नव्हे. भावाने त्या सोयीलाच वाटणी ठरवून आपली बाजू विहिरीसकट एका व्यापाऱ्याला विकली. खरेदीखतातील चतुःसीमेत पश्चिमेला 'मोठ्या भावाचे शेत' लिहून त्याने माझी, सहमालकाची, परस्पर शेजाऱ्याच्या पदावर नेमणूक केली.

आमच्याकडे जमिनीचा सौदा झाला की घेणारा पेढे वाटतो, आणि ज्याने पेढा खाल्ला त्याने सौदा मानला असे समजतात. तो व्यापारी माझ्या अंगणात आला आणि "काकाजी, तोंड गोड करा," एवढेच म्हणाला. त्याच्या घरी लग्नाच्या वयाचे तीन मुलगे होते. त्यांतल्या एकाचे जमले असावे, हा माझा तर्क अवाजवी म्हणता येणार नाही.

आठवड्याने त्याचा ट्रॅक्टर शेतात उतरला. मी आडवा पडलो असे गावात सांगतात. साफ खोटे. मी उभा होतो.

"पेढा खाल्ला ना?" भाऊ म्हणाला. "मंग आता काहून बोंबलून राह्यला, दादा?"

"पेढ्यानं वावर जात असतं, तर हलवायाचं वावर पाच गावांत असतं," मी म्हणालो. "अन् कळंबच्या बाईचा हिस्सा कुठी गेला?"

"बाईले दरसाल साडीचोळी जाते. तिनं कधी मांगितला का हिस्सा?"

बहिणीला मी त्याच दिवशी बोलावून घेतले आणि आम्ही दोघांनी दावा लावला. भावाचा वकील तोंडी वाटणी, वहिवाट आणि पेढा या क्रमाने बोलला. मी साक्षीत ठणकावून सांगितले की, माहेरची साडी नेसल्याने मुलीचा हक्क फिटत नाही. मागितला नाही म्हणून तो बुडतही नाही. न्यायालयाने तेच मानले. भावाला विकता आला तो फक्त त्याचा एकतृतीयांश अविभक्त हिस्सा. व्यापारी भावाच्या जागी आला, पण कोणता तुकडा त्याचा, हे सर्वांची वाटणी झाल्यावरच ठरायचे. ट्रॅक्टर परत गेला. हा विजय वकिलाचा होता असे म्हणणाऱ्यांनी माझी साक्ष वाचावी.

मोजणीच्या आदल्या दिवशी बहीण आली. आता ती आपला हिस्सा मला सोडून देणार, हे मी गृहीत धरले होते. लढलो मी, शिवाय तशी रीतच आहे. हक्कसोडपत्राचा मसुदा मी लिहवून आणला होता. त्यावर एक चांगली साडीही ठेवली होती.

तिने मसुदा पूर्ण वाचला आणि घडी घालून मला परत दिला.

"दादा, तीन साल कोर्टात तूच सांगत होता, बाईचा हिस्सा बाईचाच. मले पटलं."

"पटलं ते ठीक. पण कळंबहून येऊन तू वावर कायले करतं?"

"मी नाही, माहा पोरगा करीन. वाटणीत विहिरीकडचा तुकडा मले पाह्यजे. साडी वहिनीले ठेव."

भाऊ म्हणतो, मी तेव्हा निमूटपणे मान हलवली. निमूटपणे हा शब्द चूक आहे. मी चांगला तासभर हरकत शोधत होतो. परंतु जी जी सुचली, ती ती मी स्वतःच साक्षीत खोडून ठेवलेली निघाली.