कमळा म्हटलं की ओ द्यायची

"नाव काय तुझं?"

"सुनयना."

माई हसल्या. कुत्सित हसल्या नाहीत, सहज हसल्या. तेच जास्त लागलं. आत तोंड करून त्यांनी सासूबाईंना सांगितलं, "ऐकलंत का? भांड्यांना सुनयना आली आहे." मग माझ्याकडे वळून म्हणाल्या, "हे बघ, आमच्याकडे भांड्याच्या बाईला कमळाच म्हणतात. पहिल्यापासून. मुलांच्या तोंडी तेच बसलंय. कमळा म्हटलं की ओ द्यायची."

धंतोलीतल्या वकीलसाहेबांच्या घराच्या मागच्या दारात मी उभी होते, पायातल्या चपला हातात घेऊन. चपला हातात घ्यायला कुणी सांगितलं नव्हतं. मी मान हलवली. काम हवं होतं.

माझं नाव कुणी असंच ठेवलेलं नव्हतं. माझा बाप कोष्टी. तांडापेठेत आमच्या घराच्या पुढच्या खोलीत माग होता. बारीक सुताची लुगडी विणून विणून बापाचे डोळे तिशीतच अधू झाले. धागा तुटला की त्याला टोक सापडायचं नाही. मी झाले तेव्हा तो शाळेतल्या गुरुजींकडे गेला आणि म्हणाला, "गुरुजी, पोरगी झाली. चांगले डोळे असा अर्थ असंन, असं एखादं नाव सांगा." गुरुजींनी दोन-तीन नावं सांगितली. बापानं हे उचललं. घरी येईपर्यंत विसरू नये म्हणून रस्ताभर घोकत आला, असं आई सांगायची. आमच्या गल्लीत सगळ्या सखू, गिरजा, बेबी. गल्ली हसली. बाप म्हणाला, "हसू द्या. हिचे डोळे माह्यासारखे नाही होनार."

सहा-सात वर्षांची झाले तेव्हापासून त्याचे तुटलेले धागे मी सांधत होते. "सुनयना, धागा!" अशी हाक यायची आणि मी असेन तिथून धावत जायची. बापानं कधी नाव तोडलं नाही. सुनी नाही, नयनी नाही. चौथीपर्यंत शाळेत होते तेव्हा हजेरीतही पूर्ण नाव. लग्न झालं, आडनाव गेलं, पण नाव सासूनं बदललं नाही. म्हणाली, "हे घेताघेताच जीभ दुखते, अजून दुसरं काहून शोधा?"

मग गिरणीचं स्वस्त कापड आलं, यंत्रमाग आले. आमच्या माणसाचा माग आधी बंद पडला, मग त्याचं लाकूड विकलं. तो रिक्षा ओढू लागला आणि मी भांड्याला निघाले.

काम दाखवायला पहिले दोन दिवस आधीची कमळा होती. थकलेली, वाकलेली बाई. मोरीवर बसल्या बसल्या ती म्हणाली, "माह्यं नाव जाई. माह्याआंधी पार्वती होती. तिच्याआंधीची मात्र खरीच कमळा होती म्हंते. ते मेली, नाव राह्यलं." राख कुठल्या डब्यात असते ते सांगावं, तसं तिनं हे सांगितलं. मीही तसंच ऐकलं.

अकरा वर्षं मी कमळा होते. सणाला पातळ मिळालं, ते कमळाला. ताप आला तेव्हा माईंनी ओळखीच्या डॉक्टरांना चिठ्ठी दिली, तिच्यावरही कमळा. मी त्याच नावानं औषध घेतलं आणि बरी झाले. माई वाईट नव्हत्या. उरलेलं देताना विटलेलं देत नसत. म्हणून तर कळायला इतकी वर्षं लागली.

एकदा घरी मी पीठ मळत होते. मागून नवऱ्यानं हाक मारली. मी तशीच मळत राहिले. त्यानं तीनदा हाक मारली, मग खांद्याला धरून हलवलं. "बहिरी झाली का वं?" मी बहिरी झाले नव्हते. सुनयना ही हाक माझ्यासाठी आहे, हे मला कळलंच नव्हतं. त्या दिवशी मला फार भीती वाटली. बाप आठवला. पण सकाळी उठून पुन्हा गेले, पुन्हा कमळा झाले.

माझी पोरगी विजया दहाची झाली. सुट्टीत एकदा माझ्याबरोबर आली. माईंनी तिच्या हातावर बिस्कीट ठेवलं आणि कौतुकानं म्हणाल्या, "ही आमची पुढची कमळा." सक्करदऱ्याला आमच्या घरी परत जाताना पोरगी विचारत होती, "माय, मी काहून कमळा? माय, सांग ना वं." मी तिला चालायला सांगितलं.

त्याच वर्षी वकिलांच्या थोरल्या मुलाचं, सुनीलचं लग्न झालं. नवरी घरात आली. त्यांच्याकडे नवरीचं नाव बदलतात. ताटात तांदूळ पसरून नवरा अंगठीनं नवं नाव लिहितो. "कमळा, तांदळाचं ताट आण," माई म्हणाल्या. तांदूळ मीच निवडले होते, मीच पसरले. दाराशी उभी राहून बघत होते. अंगठी फिरली. सु. मग न. त्याचं लिहून व्हायच्या आत मी वाचलं होतं.

"सुनीलची सुनयना! किती गोड," कुणीतरी म्हणालं.

"किती दिवस मनात होतं हे नाव माझ्या," माई म्हणाल्या.

मनात कुठून आलं, ते त्यांना आठवत नव्हतं. मला लगेच राग आला नाही. वाटलं, आठवेल. आता आठवेल. त्यांनी माझ्याकडे बघितलं आणि म्हणाल्या, "कमळा, पेढे आण."

मी पेढे आणले.

तिसऱ्या दिवशी घर अजून पाहुण्यांनी भरलेलं. मी मोरीवर पातेली घासत होते. पुढच्या खोलीतून माईंनी हाक मारली, "सुनयना!"

"ओ!"

माझ्याच तोंडून गेली. लहानपणी बापाला द्यायची तशी. राखेच्या हातांनी धावत मी पुढच्या दाराशी जाऊन उभी राहिले. नवी सून तिथेच बसली होती, पण तिनं मान वर केली नव्हती. तीन दिवसांपूर्वीपर्यंत ती अलका होती. तिला ती हाक तिची वाटलीच नाही.

सगळे हसले. "अगं, तुला कोण बोलावतंय? मी सूनबाईंना हाक मारली."

"बाई, माह्यं नाव हाये ते. पहिल्याच दिवशी सांगतलं होतं तुमाले."

माई म्हणाल्या, "हो का? असेल. पण तुला इथं कधी कुणी त्या नावानं हाक मारली आहे का?"

खरं होतं. कुणी नाही. आणि अकरा वर्षं ओ देणारी मीच होते. सुनेनं एकदा माझ्याकडे पाहिलं आणि नजर खाली वळवली. तिचंही नाव गेलं होतं. पण ती जरीच्या पातळात बसली होती आणि मी राखेच्या हातांनी उभी होते. आमचं दुःख एक नव्हतं.

"जा कमळा, कामं पडलीत."

मोरीवर परत आले. हात चालत होते. पुढून "कमळा" अशी हाक आली. मग दुसरी, मग तिसरी. मला नीट ऐकू येत होतं. शेवटी माई मागच्या दारात आल्या. "ऐकू येत नाही का?"

"ऐकू येऊन राह्यलं. पन इथं कमळा कोनी नाही. ते मेली, लय वर्षं झाले. मले बोलवाचं असंन तं सुनयना म्हना."

"आमच्या सुनेला आणि तुला एकच हाक?" त्यांनी रागानं विचारलं नाही. त्यांना ते खरंच अशक्य वाटत होतं.

"हो."

"मग घरी जा."

उरलेली दोन पातेली घासली, पालथी घातली. हात धुतले. चपला तिथेच, त्यांच्या अंगणात, पायात घातल्या आणि निघाले.

माईंकडे नवी बाई आठ दिवसांत आली. मला वाटेत भेटली. मी तिला म्हटलं, "तुह्यं नाव सांग त्याइले. कमळा म्हटलं तं ओ देऊ नको." तिच्या काखेत पोर होतं. तिनं थकून विचारलं, "नावानं पोट भरते का वं बाई?"

नाही भरत. दीड महिना आमच्या घरी एकाच वेळेला चूल पेटली. कुणाला पटवून सांगायची ताकद माझ्यात उरली नव्हती. दोन घरांच्या दारातूनच परत आले, कारण तिथेही बाईसाठी एक ठरलेलं नाव होतं. तिसरीकडं काम मिळालं. तिथली बाई म्हणाली, "फारच मोठं नाव आहे तुझं." मी म्हटलं, "मोठं हाये, पन तेच हाये." ती अजून तोंड वाकडं करून नाव घेते. घेते मात्र पूर्ण.

विजया आता सातवीत आहे. ती भांड्याला जाणार नाही. पण आमच्या पोरींचं काय सांगावं, कुठं उभं राहायची वेळ येईल. म्हणून मी तिला तयार करते. ती अभ्यासाला बसली की मधेच मागून मोठ्यानं हाक मारते, "कमळा!" सुरुवातीला ती हसत वळून बघायची. मी रागवायची.

आता ती मान वळवत नाही.