सहा सुरांचे अण्णा

अण्णांना कँटनी भाषेत एक वाक्य बोलायचं असलं तरी आधी पेटी लागे. भाता उघडायचा, काळी दोनचा सूर धरायचा, डोळे मिटायचे आणि मग ठेक्यात म्हणायचं, "सिक् चो फान् मेइ?" म्हणजे, जेवलात का? एवढं सगळं होईपर्यंत समोरच्याचं जेवण होऊन हात धुऊनही झालेले असत. चिनी माणसं हाच प्रश्न पेटीशिवाय दिवसभर एकमेकांना विचारतात, हे सांगायची सोय नव्हती. "ते शिकलेले नाहीत गे," अण्णा म्हणत.

जयनगरात त्यांच्या घराच्या पुढल्या दोन खोल्यांत आम्ही भाडेकरू होतो. लग्न होऊन साताऱ्याहून मी बंगळूरला आले, तेव्हा आता कन्नड शिकावी लागणार, या काळजीत होते. आधी शिकले ती कँटनीतली 'सी'. उंच सुरात धरली की कविता, खालून तिथवर चढवत नेली की इतिहास, मधे ठेवली की प्रयत्न, खाली घसरली की वेळ, खालून किंचित उचलली की बाजार आणि खालीच बसवली की काम. एका अक्षरात सहा सुरांचा एवढा संसार. "सरी, आता तू म्हण," अण्णा सांगत, 'सरी' म्हणजे कन्नडमध्ये बरं. मी म्हणे. "मी वेळ विचारली, तू बाजारात पोचलीस," असं म्हणून ते पुन्हा भाता उघडत. दुधाचं भांडं आत उतू जात असे, पण विद्येपुढे दुधाचं काय.

अण्णांचे पूर्वज तीनशे वर्षांपूर्वी मराठी फौजेबरोबर इकडे आले आणि इथलेच झाले. अण्णा एका सरकारी कारखान्यात भांडाराचे कारकून होते. त्यांचं मराठी त्या फौजेइतकंच जुनं, वर कन्नडचा भरपूर मसाला. "स्वल्प कॉफी घे गे, मग जा," हे त्यांचं नेहमीचं. पुण्याहून आलेले कारखान्यातले इंजिनियर त्यांना मुद्दाम बोलतं करत आणि मग एकमेकांकडे बघून हसत. त्या विद्वानांचं स्वतःचं मराठी असं होतं: "मीटिंग पोस्टपोन झाल्यामुळे सगळं शेड्यूल डिस्टर्ब झालंय." पण ते पुण्याचे असल्यामुळे ते शुद्धच असणार. अण्णाही त्यांच्याबरोबर हसत. घरी आल्यावर मात्र आमच्या उंबऱ्याशी बसून एकदा म्हणाले, "आपल्याच भाषेत आपण चूक, असं पन्नास वर्षं ऐकतोय बघ. कुठल्या तरी एका भाषेत कुणी तरी एकदा बरोबर म्हणावं, एवढंच वाटतं." अण्णांच्या साऱ्या कँटनी प्रकरणाचं मूळ या वाक्यात होतं.

ते प्रकरण सुरू झालं पेटीच्या मोडक्या खोक्यापायी. कँटोन्मेंटमध्ये एका कँटनी सुताराचं फर्निचरचं दुकान होतं, तिथे अण्णांनी खोकं दुरुस्तीला दिलं. पेटी घेऊन ते परत घ्यायला गेले तेव्हा सुताराची म्हातारी आई दारात बसून मुलाला झापत होती. अण्णांनी सहज पेटीवर तिचे सूर धरून पाहिले, आणि ते हुबेहूब निघाले. म्हातारी थांबली. तिने एक वाक्य पुन्हा म्हटलं, अण्णांनी पुन्हा वाजवलं. दुकानातले कामगार हसून लोटपोट झाले, कारण म्हातारी जे बोलत होती ते चारचौघांत वाजवण्यासारखं नव्हतं. अण्णा मात्र गुरू भेटल्याच्या आनंदात घरी आले.

तेव्हापासून दर रविवारी पेटी काखोटीला मारून अण्णा बसने कँटोन्मेंटला जात. म्हातारीला ते पो-पो म्हणत, म्हणजे आजी. तिची कन्नड बाजारात शिकलेली, त्यातच शिकवणी चाले. ती सांगे, "तू गातोस. गाऊ नको, बोल." तिच्या म्हणण्याप्रमाणे सूर ज्याच्या त्याच्या गळ्यातच उंच किंवा खाली असतो, पेटीच्या पट्टीत नसतो. तान्ह्या पोराची काळी दोन कुठली असते? अण्णांना हे मुळीच पटलं नाही. गुरूचं सगळंच ऐकलं तर शिष्याला स्वतःची अक्कल कधी वापरायला मिळणार?

ङ या अक्षरावर तर ते बेहद्द खूश होते. "आपण याला वर्णमालेत पाटावर बसवला आणि काम काही दिलं नाही. त्या लोकांनी नोकरीला लावला बघ." 'ङो' म्हणजे मी. 'ङाम्' म्हणजे बरोबर. शब्दाच्या शेवटी येणारे प्, त्, क् हे दुसरं वेड. 'प्'ला ओठ मिटायचे, आणि मिटलेले उघडायचे नाहीत, आवाज आतच ठेवायचा. अण्णांच्या बायकोला, म्हणजे अक्कांना, मी विचारलं की दर रविवारी हे जातात, तुम्हाला चालतं का. अक्का म्हणाल्या, "ओठ मिटून ठेवायला शिकवत्येय ना ती? जाऊ दे."

पो-पोने त्यांना आणखीही एक गोष्ट सांगितली होती, ती अण्णा येईल त्याला ऐकवत. तिचे पूर्वज फार जुन्या काळी उत्तरेकडून दक्षिणेला आले. मागे राहिलेल्या उत्तरेकडच्यांच्या बोलण्यातून ते शेवटचे प्, त्, क् झिजून गेले. दक्षिणेत आलेल्यांनी ते जपले. म्हणून हजार वर्षांपूर्वीच्या कवितांची यमकं कँटनीत वाचली की अजून जुळतात, आणि राजधानीच्या भाषेत वाचली की पुष्कळदा जुळत नाहीत. "म्हणजे घर सोडून लांब गेलेल्यांकडेच जुनं राहतं," असं म्हणून अण्णा आमच्याकडे येणाऱ्या पुण्याच्या पाहुण्यांकडे रोखून बघत. पाहुणे चहा घेत. अर्थात तिच्या घरातही झीज सुरू होतीच. 'नेइ' म्हणजे तू, पण मुलगा 'लेइ' म्हणे, आणि म्हातारी त्याला हातातल्या पंख्याने मारे. नातवंडांचं तर विचारायलाच नको, ती इंग्रजी शाळेतली. म्हातारीचं बोलणं मन लावून ऐकणारा आणि वर चुका करून तिला झापायची संधी देणारा, असा त्या शहरात एकच माणूस उरला होता, आणि तो आमचा घरमालक होता.

पण 'ङाम्' काही मिळेना. वाक्य संपलं की पो-पो पंखा आपटे आणि कन्नडमध्ये म्हणे, "इल्ला." नाही. मग बरोबर करून म्हणून दाखवी. वर्षामागून वर्षं गेली, अण्णा रविवारी उत्साहाने जात आणि 'इल्ला' घेऊन परत येत. "आज किती?" अक्का विचारत. "आज फक्त 'फान्' चुकला. तो खाली बसवायचा असतो. माझा चढतो." पुढच्या रविवारी तोच 'फान्' घेऊन पुन्हा स्वारी निघे.

मग सीमेवर चीनशी लढाई सुरू झाली आणि आमच्या गल्लीत देशभक्तीची लाट आली. ज्यांनी जन्मात कधी सुताराकडे स्टूलही करायला टाकलं नव्हतं, त्यांनी चिनी सुताराकडे काही करायला टाकायचं नाही, असं ठरवलं. पोलिसांनी पो-पोच्या कुटुंबावर ठाण्यात हजेरी देण्याची सक्ती केली. अण्णांना कारखान्यात वरिष्ठांनी सांगितलं की सरकारी नोकरी आहे, रविवार घरी काढा. अक्का त्या दिवशी जेवल्या नाहीत. नोकरी गेली तर काय करायचं, हे त्यांनी मलाच विचारलं. अण्णा पुढच्या रविवारी पेटी घेऊन बसमध्ये चढले.

सोमवारी सकाळीच घरी चौकशीला एक अधिकारी आला. पेटीच्या पट्ट्यांवर खडूने सहा सुरांचे आकडे घातले होते, ते त्याने हेरले, आणि हा सांकेतिक संदेशाचा प्रकार असावा, अशी त्याला दाट शंका आली. अण्णांना आयुष्यात पहिल्यांदाच एवढा लक्षपूर्वक ऐकणारा श्रोता मिळाला. त्यांनी त्याला पाटावर बसवून सहा 'सी' शिकवायला घेतल्या. दुपार उलटली. "नाही साहेब, ही वेळ झाली, मी काम म्हणालो," असं आतून ऐकू येत होतं. शेवटी साहेबांनी कॉफी घेतली, घाम पुसला आणि शत्रूला या भाषेत संदेश पाठवणं माणसाला शक्य नाही, असं ठरवून निघून गेले. नोकरी वाचली, पण अण्णांची बढती कायमची अडली. हसणाऱ्या इंजिनियरांना त्या काळात आणखी एक विषय मिळाला.

सुताराचं दुकान मात्र बंद पडलं. त्यांनी कलकत्त्याला जायचं आणि तिथून जमेल तसं हाँगकाँगला नातेवाइकांकडे, असं ठरवलं. गाडीच्या दिवशी अण्णांनी मला बरोबर घेतलं. फलाटावर पोलीस असणार, म्हणून अक्कांनी पेटी कपाटात घालून किल्ली कमरेला लावली होती. अण्णांचे दोन्ही हात मोकळे होते आणि ते कुठे ठेवावेत हे त्यांना कळत नव्हतं. पो-पो खिडकीशी बसली होती, हातात पंखा. निरोपाचं वाक्य तिने कधी शिकवलंच नव्हतं, म्हणून अण्णांनी पेटीशिवाय, सूर न धरता, येत होतं ते विचारलं, "सिक् चो फान् मेइ?" पंखा आपटला जाईल म्हणून मी बघत होते. पो-पोने पंखा मांडीवर ठेवला आणि ती म्हणाली, "ङाम्."

मला वाटलं, आता हा माणूस फलाटावर नाचेल. गाडी गेली. आम्ही बसने परत निघालो. जयनगर आल्यावर अण्णा म्हणाले, "'फान्' चढला होता माझा. गळा भरला की सूर चढतो. तिला ऐकू आलं होतं गे, नक्की ऐकू आलं होतं." मी म्हटलं, मग बरोबर का म्हणाली? "दुरुस्त करून करायचं काय होतं," अण्णा म्हणाले, "पुढचा रविवार कुठे होता?"

त्यानंतर ती सारी हौस त्यांनी माझ्यावर भागवली. मी 'जेवलात का' म्हणायची, ते 'इल्ला' म्हणून दुरुस्त करायचे, आणि माझी भाजी करपायची. पेटी न घेता शिकवू लागले, एवढा बदल झाला होता. पुढे काही वर्षांनी ते आजारी पडले. इस्पितळात मी पेज घेऊन गेले तेव्हा भिंतीकडे तोंड करून पडले होते आणि अक्कांशीही बोलत नव्हते. चिडून तरी बोलतील म्हणून मी जवळ बसून विचारलं, "सिक् चो फान् मेइ?" आणि 'फान्' मुद्दाम चढवला, चांगला काळी दोनच्याही वर.

अण्णांनी मान वळवली. मग म्हणाले, "ङाम्."