'येजो' न म्हटलेली सकाळ

हे माझ्या नवऱ्यालाही ठाऊक नाही. विहारात वंदनेला डोळे मिटून बसते, तेव्हा मन इथपर्यंत येतं आणि मागे फिरतं. तुम्हाला सांगते आहे — तुम्हालाच का, ते विचारू नका. आता घास गिळवत नाही, एवढंच.

सुजाता माझी धाकटी जाऊ. गिरडकडची. पोळी करपवणार, दूध उतू घालवणार आणि वर हसत सुटणार. बोलायची तर अखंड — कोंबडीशी, कुकरशी, कपडे वाळत घालायच्या दोरीशी. मी या घरातली थोरली. आमच्या नाचणगावात कोणाकडे कार्यक्रम असला की भाजीचा अंदाज मला विचारायचे. सुगरण म्हणायचे, शिस्तीची म्हणायचे, आणि मी ते मान खाली घालून पण कान टवकारून ऐकायचे. मग पाहुणे आले.

तुमच्याही गावात असतील. आमच्याकडे ते आधी कपाशीच्या शेतात दिसले — खरवसाच्या वडीसारखे मऊ, ना डोळे ना तोंड, आणि अंगातून उजेड. कुठल्या ताऱ्यावरून आले यावर मोठी माणसं अजून भांडताहेत. आम्ही पाहुणे म्हटलं आणि मोकळे झालो. दिवेलागणीला एखाद्या घरी यायचं, ओल्या पोत्यावर बसायचं, सकाळी नळ यायच्या सुमाराला सरकत निघून जायचं — एवढाच त्यांचा त्रास. निघताना घरच्यांनी 'येजो', म्हणजे पुन्हा ये, असं म्हणायचं. दारातून निघालेल्या माणसाला आपण 'जा' म्हणतो का? मग त्यांनाही कोणी म्हटलं नाही. हळूहळू त्यांचा मान वाढला. सोयरिकीत मुलाच्या शेतीआधी लोक विचारू लागले, घरी पाहुणा बसते काय? एका पुढाऱ्याने तर अंगणात मांडव टाकून ओले गालिचे अंथरले; एकही पाहुणा फिरकला नाही. आमच्याकडे मात्र एक रोज यायचा.

आमच्याकडे — असं मी बाहेर सांगायचे. खरं म्हणजे तो सुजाताकडे यायचा.

ती त्याच्याजवळ शेंगा सोलत बसायची, बडबड चालूच, आणि तो मधासारखा पिवळा व्हायचा. भिंतीवरच्या तसबिरीची काचसुद्धा उजळून निघायची. मी जवळ गेले की राखेसारखा. पोतं कोण भिजवायचं? मी. नळाचं पाणी त्याला सोसत नाही, विहिरीचंच लागतं, हे कोणी शोधून काढलं? मीच. कष्ट माझे आणि उजेड तिला! शेजारच्या बाया पाहायला यायच्या. एक दिवस त्यातली एक म्हणाली, थोरलीच्या मनात काहीतरी असेल, त्याला बरोबर कळतं. थट्टेतच म्हणाली हो. मीही हसले. पण त्या दिवसापासून सुजाताच्या करपलेल्या पोळीचा वासही मला मिरवल्यासारखा वाटू लागला. ती शिंकली तरी डोक्यात जायची. तुम्ही कधी कोणावर इतक्या जळला आहात का? मी जळले. भाकरी थापताना, वंदना म्हणताना — सारखी.

ती सकाळ. सुजाता फाटकाशी आपल्या पोरीच्या मागे लागली होती, शाळेची बस सुटत होती. इकडे मागच्या दारी पाहुणा निघाला. उंबऱ्याशी येऊन थांबला — तिची वाट पाहत, दुसरं काय? मी तिथेच होते, हातात बादली. वाकले, आणि हळूच म्हटलं, "जाय."

आणि तो पेटला. कसं सांगू — सुजाताजवळ व्हायचा त्याहून पिवळा. बादलीतलं पाणी पिवळं झालं, माझे हात कोपरापर्यंत पिवळे झाले. मला आधी समजलंच नाही. मग समजलं. इतके दिवस मी त्याला पाणी दिलं, जागा झाडून दिली — पण शब्द म्हणून एक दिला नव्हता. हा पहिला. मी बोलले, एवढ्यानेच तो खुलला होता. आणि मग त्याने माझ्या शब्दाचा मान ठेवला. कुंपणापर्यंत तो तसाच उजळत गेला. मागून हाक मारता आली असती. मी बादली भरत राहिले.

तो परत आला नाही. गावात कुजबुज सुरू झाली — नक्की कोणीतरी 'जाय' म्हटलं. आणि त्या सकाळी सुजाताचा आवाज तर अर्ध्या गल्लीने ऐकला होता. पोरीला म्हणत होती ती, जाय, जाय, बस सुटते.

मला वाटतं, ते 'जाय' तुम्ही समजून घ्याल. रागाच्या भरात माणूस बोलून जातं. पण मला सांगायचं आहे ते यापुढचं आहे — इतका वेळ मी त्याच्याच भोवती फिरते आहे.

सुजाता स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभी राहिली. मी तांदूळ निवडत होते. "ताई, मायाच तोंडून गेलं असन काय वो? मी पोरीले म्हणून राह्यली होती... त्यानं आयकलं असन?"

मी मान वर केली नाही. राग नव्हता तेव्हा, काहीच नव्हतं, एक खडा काढून बाजूला ठेवला, आणि म्हटलं, "असन. मागच्या दारापर्यंत आयकू आलं मले."

तिने विश्वास ठेवला. माझ्यावर न ठेवून कोणावर ठेवणार होती?

आता ती कोंबडीशीही बोलत नाही. लग्नाची बोलणी करायला तिला कोणी नेत नाही, तोंडाचा नेम नाही म्हणतात. बोलते तो एकच शब्द. दूधवाल्याला येजो, सिलेंडरवाल्याला येजो, दूध पिऊन पळणाऱ्या मांजरीलाही येजो. लोक हसतात, मग हळहळतात. आणि ऐका — मला त्या हळहळीचाही हेवा वाटतो. पाप माझं, पण ते तिलाच शोभून दिसतं. पोतं आता ती भिजवते, रोज, नळाच्या पाण्याने. विहिरीचं लागतं, हे मी तिला अजून सांगितलेलं नाही.

आज मी वंदनेला निघाले, तर ओले हात पदराला पुसत फाटकापर्यंत धावत आली. "ताई, येजो."

मी "येतो" म्हटलं. तरी ती तिथेच उभी राहिली, मी वळणाआड होईपर्यंत. एक शब्द चुकला की गेलेलं माघारी येत नाही, अशी तिची खात्री आहे. ती मी तिला दिली.