इकामा हरवला तेव्हा

तबूकमध्ये मी एसी मेकॅनिक होतो. एका इमारतीच्या गच्चीवर काम करताना माझा इकामा, म्हणजे तिथं राहण्याच्या परवान्याचं कार्ड, कुठंतरी पडला. दोन दिवस शोधूनही मिळेना, तेव्हा कंपनीच्या ऑफिसात गेलो. तिथला कारकून आमच्याच रत्नागिरीचा. आपला माणूस म्हणून मी त्याला सगळं सांगितलं.

"हरवला की विकलास?" त्यानं सगळ्यांसमोर विचारलं.

नव्या कार्डाच्या अर्जावर कफिलाची, म्हणजे मालकाची, सही लागत होती. या कारकुनानं अर्ज खणात टाकला आणि रोज "उद्या ये" म्हणू लागला. कार्डाशिवाय कामगारांच्या कॅम्पबाहेर पडायची भीती. त्यात माझी दाढ सुजली. दवाखान्यातही आधी इकामाच मागितला. गाल धरून परत येताना मी त्या कारकुनाला मनातल्या मनात भरपूर शिव्या दिल्या.

दहाव्या दिवशी कफील साइटवर आला. मी मोडक्यातोडक्या अरबीत त्याला गाठलं. त्यानं तिथूनच फोन करून अर्ज मागवला आणि गाडीच्या बॉनेटवर ठेवून सही केली.

कार्ड आलं तेव्हा कारकुनानं ते माझ्या पायाशी फेकलं. "माझी तक्रार करतोस काय? घे, उचल."

"तुम्ही टाकलंत, तुम्हीच उचला," म्हणालो आणि तसाच उभा राहिलो. शेवटी तो वाकला.

त्याच दुपारी दाढ काढून आलो. पुढं दोन वर्षं आम्ही एकाच मेसमध्ये जेवलो, पण मी त्याच्याशी एक शब्द बोललो नाही. त्याच्यावरचा माझा राग अजून गेलेला नाही.