चाकाचा नकाशा

शेषेराव बांध मोजायला येणार असले की वाडीत आधी खुर्ची शोधली जाई, मग छत्री, आणि सगळ्यात शेवटी ते भांडणारे दोन शेतकरी. शेषेराव सरकारी भूकरमापक. घर उदगीरला, नोकरी शेजारच्या तालुक्यात. अंगानं शिडशिडीत आणि शर्टाच्या खिशात पेनाच्या शेजारी कायम एक फुटपट्टी. लग्नाच्या पंगतीत बसले तरी दोन पत्रावळींतलं अंतर नजरेनं मोजून घेत आणि शेजारच्याला म्हणत, "पाव्हणं, जरा हद्दीत बसा."

त्यांच्या अभिमानाची गोष्ट एकच होती. त्यांनी मोजलेल्या बांधावर कधी फेरमोजणी पडली नव्हती. "माझा दगड बसला की बसला," असं ते म्हणत, आणि ते खोटंही नव्हतं. फेरमोजणीला पुन्हा फी भरावी लागते, हेलपाटे घालावे लागतात आणि साहेबाशी वाकडं होतं, म्हणून माणसं गप्प बसतात, हे कारण मात्र त्यांनी कधी हिशेबात धरलं नाही. पुढची बढती, खात्यातला शब्द, गावोगावचा रामराम, सगळं त्या एका वाक्यावर उभं होतं.

कुरकुर केली ती एकट्या कोंडाबाईनं. जळकोट रस्त्याच्या वाडीत तिचं सासऱ्याच्या वाट्याचं इनामी रान होतं, शेजारी हणमंतरावांचं मोठं शेत, आणि मधल्या बांधावर एक विहीर. शेषेरावांनी मोजलं तेव्हा रेघ विहिरीच्या अलीकडून गेली. विहीर हातभरानं हणमंतरावांची झाली. कोंडाबाई म्हणाली, "सायेब, हीर माझ्या सासऱ्यानं खांदलीय." शेषेराव म्हणाले, "कोंडाबाई, सासरा चुकतो. टेप चुकत नाही. हात म्हणजे हात."

पुढं दुष्काळ पडला. सगळ्या विहिरी तळाला गेल्या, पण ही एक पाणी धरून राहिली. हणमंतरावांनी तिच्यावर मोटार बसवली आणि दिवसभर टँकर भरू लागले. कोंडाबाई घागर घेऊन स्वतःच्या बांधावर उभी राही. टँकर भरून उरलं तर तिला मिळे.

त्या टँकरांनीच रस्त्यांची वाट लावली आणि तिथून शेषेरावांच्या चाकांची गोष्ट सुरू झाली. त्यांच्याकडे एक छोटी पांढरी कार होती. एका खड्ड्यात तिच्या दोन डिस्क, म्हणजे टायर ज्यावर चढतो त्या लोखंडी थाळ्या, वाकल्या. टायरमधून हवा जाऊ लागली. पंक्चरवाल्या शिवमूर्तीनं सरळ सांगितलं, "सायेब, ठोकून उपयोग न्हाई. दोन साध्या लोखंडी डिस्क टाका. माझ्या गल्लीतच भेटत्यात."

पण साध्या डिस्कचे दिवस राहिले नव्हते. उदगीर जिल्हा होणार होतं. दर वर्षी सव्वीस जानेवारीच्या आधी उदगीर जिल्हा होतच असे, पण या वर्षी चहाच्या हॉटेलातली माणसं फार खालच्या आवाजात बोलत होती, म्हणजे बातमी पक्की होती. जिल्हा झाला की हद्द मोजणार कोण? शेषेराव. मग मोठे साहेब येणार, ते बसणार कुणाच्या गाडीत? शेषेरावांच्या. तेव्हा चाकं जिल्ह्याला शोभतील अशीच हवीत, म्हणजे हलक्या धातूची चकचकीत मॅगव्हील. तीही लातूरहून आणायची नाहीत, कारण ज्या जिल्ह्यातून फुटायचं त्याला धंदा कशाला द्यायचा? म्हणून नांदेड.

आदल्या दिवशी त्यांनी अंगणात एक चाक काढलं आणि मोजणीला बसले. बायको तारामती दारातून बघत होती.

"गाडीच घेऊन जावा की नांदेडला."

"कशाला? वाकलेल्या डिस्कवर एवढा रस्ता? आणि एकदा मोजल्यावर शेत कुणी उचलून कचेरीत नेतं का? नकाशा न्यायचा असतो."

त्यांनी खरंच नकाशा काढला. चार भोकं, भोकांच्या वर्तुळाचा व्यास, मधलं मोठं भोक, सगळं मिलिमीटरमध्ये आणि बिनचूक. खाली प्रमाण लिहिलं. वरच्या कोपऱ्यात सवयीनं उत्तर दिशेचा बाण काढला.

नांदेडला मलप्पाचं चाकांचं दुकान होतं. मलप्पानं कागद आधी उलटा धरला, मग सुलटा.

"सायेब, हा बाण कशाचा?"

"उत्तर दिशा."

"चाकाला?"

"नकाशा म्हटलं की उत्तर दिशा लागते."

"आणि चाक फिरलं की?"

शेषेराव म्हणाले, "तुम्ही माल दाखवा."

मलप्पानं माल दाखवला, पण बोलायचं थांबला नाही. "भोकं जुळतील सायेब. मधलं बी जुळंल. पर चाक रुंद किती आन् आत किती बसणार, ते ह्या कागदावर न्हाई. गाडी आणा, एक चाक बसवून बघू, मग घ्या."

"भोकं जुळतात ना? मग बाकी काय राहिलं?"

"सायेब, चाकाला खोली बी असती."

इथं थोडं यंत्राचं सांगायला हवं. डिस्कचा जो सपाट भाग नटांनी गाडीला आवळला जातो, तो चाकाच्या रुंदीच्या बरोबर मध्यावर नसतो. छोट्या गाड्यांत तो बाहेरच्या अंगाला असतो, म्हणून चाक मडगार्डखाली दडून बसतं. तोच भाग मध्याकडं सरकला की चाक तेवढंच बाहेर येतं. या सरकण्याला ऑफसेट म्हणतात आणि त्याचा आकडा बहुतेक डिस्कच्या आतल्या अंगाला उठवलेला असतो. भोकं आणि त्यांचं वर्तुळ, मधलं भोक, रुंदी आणि ऑफसेट, एवढं जुळलं तर चाक त्या गाडीचं. नाहीतर ते नुसतं चाक.

शेषेरावांनी आयुष्यभर जमीन मोजली होती. जमिनीला लांबी असते, रुंदी असते. खोली असते ती विहिरीला, आणि मोजणीच्या नकाशात विहीर म्हणजे एक छोटा गोल. चाकही त्यांनी वरून पाहिलेल्या शेतासारखंच मोजलं होतं. मलप्पानं दोनदा समजावलं आणि तिसऱ्यांदा बिल फाडलं.

टायर चढवलेली चार रुंद चाकं घेऊन शेषेराव मुखेडमार्गे जाणाऱ्या एसटीत चढले. कंडक्टरनं चाकं पाहिली, शेषेरावांना पाहिलं आणि विचारलं, "काका, बाकीची गाडी मागून येऊन राहिलीय का?" बस मुखेडपर्यंत हसत होती.

शिवमूर्तीनं चाकं बसवली. नट अगदी गोडीनं बसले. शेषेराव म्हणाले, "बघितलं? मिलिमीटर." शिवमूर्तीनं गाडी जॅकवरून खाली घेतली आणि दोघं मागं सरकून बघू लागले. चारी चाकं मडगार्डच्या बाहेर आली होती, चांगली तीन बोटं. छोट्या पोरानं बापाच्या चपला घालून उभं राहावं तशी गाडी दिसत होती.

"सायेब, चाक भायेर आलंय."

"नवीन पद्धत आहे," शेषेराव म्हणाले.

"वझं पडलं की टायर मडगार्डच्या कडंला घासंल."

"ओझं टाकतोय कोण?"

ओझं टाकलं येळवशीनं, म्हणजे वेळ अमावास्येनं. त्या अवसेला आपल्याकडं शहरात माणूस राहत नाही, सगळे शेतात. पीक हातभरसुद्धा नसलं तरी पालेभाज्या-शेंगांची भज्जी आणि ताकातली आंबील होतेच. शेषेरावांना दर येळवशीला हणमंतरावांच्या शेताचं आमंत्रण असे. का असे, ते वाडीत सगळ्यांना ठाऊक होतं आणि कुणी बोलत नव्हतं. गाडीत तारामती, तिची बहीण सिंधू, सिंधूचा भक्कम नवरा आणि मांडीवर आंबिलीचं मडकं. पहिल्या खड्ड्यालाच मागून खर्र असा आवाज आला. दुसऱ्याला रबर जळाल्याचा वास आला. शेषेरावांनी गाडी थांबवली.

"दोघी उतरा."

"काऊन?" तारामतीनं विचारलं.

"हवा छान आहे. चाला जरा."

पुढच्या खड्ड्याला सिंधूचा नवराही उतरला. शेवटी चकचकीत मॅगव्हीलवर शेषेराव एकटेच चालले होते आणि मागून, धुरळ्यातून, डोक्यावर आंबील घेऊन त्यांची बायको. वाडीतल्या सगळ्या शेतांतली माणसं जेवण सोडून उभी राहिली. तारामती मडकं उतरवताना कुणाकडं न बघता म्हणाली, "जिल्हा झाला की मला एसटीचा पास काढून देणारेत."

कोंडाबाई बांधाच्या पलीकडं तिच्या चार माणसांत बसली होती. ती उठून आली आणि गाडीभोवती एक चक्कर मारली.

"सायेब, चाक हद्दीभायेर आलंय."

भज्जी खाणाऱ्यांना ठसका लागला. हणमंतराव म्हणाले, "तीन बोटाचं काय घेऊन बसलीस गं."

"तेच म्हणतो," शेषेराव म्हणाले. "तीन बोटांनी काय होतंय?"

कोंडाबाईनं विहिरीकडं पाहिलं. "माझी हीर हातभरानं गेली. तवा मनलाव, हात म्हणजे हात. बोटाला माप नसतंय व्हय सायेब?"

हणमंतरावांनी आंबील मागितली.

त्या दिवशी शेषेरावांना पहिल्यांदा झोंबलं ते चाक नव्हे. कड घासलेलं चाक काढता येतं. पण वाडीत कुणीतरी म्हणालं होतं, "ज्याला सोताचं चाक मोजता आलं न्हाई, त्यानं आपले बांध कसे मोजले असतील?" हे वाक्य जळकोट रस्त्यानं बाजारापर्यंत गेलं तर दगड बसला की बसला याचं काय होणार? चाकं काढली तर चूक कबूल होते. ठेवली तर दिसते. शेषेरावांनी खात्यातल्या अनुभवावरून तिसरा मार्ग काढला. अतिक्रमण हटत नसलं की हद्द वाढवायची.

त्यांनी पत्रेवाल्याकडून चारी मडगार्डना पत्र्याचे कान वेल्डिंग करून घेतले. आतली कड ठोकून सपाट केली. मागच्या स्प्रिंगांत रबराचे गट्टू घातले, त्यामुळं गाडीचं बूड वर आलं आणि तोंड खाली गेलं. वरून पांढरा रंग मारला, तो जुन्या पांढऱ्याशी जुळला नाही. पण चाक आता हद्दीत होतं.

पत्र्याचा रंग वाळत होता तेव्हा कोंडाबाई त्यांच्या दारात आली. तारामतीनं तिला ओसरीवर बसवून पाणी दिलं. नळ बऱ्याच दिवसांत आला नव्हता, तरी तांब्या भरून दिला. कोंडाबाई गाडीकडं बघत पाणी प्याली.

"हे काय बसवलाव सायेब?"

"मडगार्ड वाढवलं."

"चाक आत घ्यायचं सोडून?"

"चाक बरोबरच आहे," शेषेराव म्हणाले. "गाडी अरुंद होती."

कोंडाबाईनं तांब्या खाली ठेवला.

"मंग तवाबी तसंच झालं असंल. हणमंतरावाचा बांध बरोबर होता. माझं रान अरुंद होतं."

शेषेरावांनी वाळत्या रंगाला बोट लावून पाहिलं. ती पुढं म्हणाली, "फेरमोजणीचा अर्ज देऊन आले. तुमी मनलाव, तुमच्यावर कंदी पडली न्हाई. मनलं, आधी तुमच्या कानावर घालावं."

ती गेल्यावर तारामती म्हणाली, "लई शिस्तीची बाई हाय."

सव्वीस जानेवारी आली, झेंडा वर गेला, उदगीर तालुकाच राहिलं. हॉटेलातली माणसं मोठ्यानं बोलू लागली. कोंडाबाईच्या अर्जामागून आणखी अर्ज पडले, कुणी बांधाचे, कुणी वाटेचे. शेषेरावांनी एका दुपारी, रस्त्यावर कुणी नाही असं बघून, शिवमूर्तीच्या गल्लीतून दोन साध्या डिस्क घेतल्या आणि जुन्या दोन चांगल्यांसोबत बसवल्या. चाकं आत गेली. पत्र्याचे कान मात्र तसेच राहिले, कारण काढले तर मडगार्डच उरलं नसतं. आता त्या रुंद कानांखाली चाकं शोधावी लागत.

फेरमोजणी भर उन्हाळ्यात झाली. लातूरहून रुद्राणी नावाच्या मोजणी अधिकारी आल्या, त्यांच्या शहराला तेव्हा रेल्वेनं पाणी येत होतं. शेषेरावांना हजर राहणं भाग होतं. मॅडमनी यंत्र लावलं, डोळा लावला आणि मान वर केली.

"ती गाडी कुणाची? रेघेत येतेय."

शेषेरावांनी गाडी मागं घेतली. कोंडाबाई हातानं खुणा करत होती. "आनखी घ्या सायेब. आनखी. तुमचा पत्रा आडवा येतोय."

रेघ विहिरीच्या पलीकडून गेली. हणमंतरावांनी दोन वेळा पुन्हा बघायला लावलं आणि रेघ दोन्ही वेळा तिथूनच गेली. माणसांनी जुना दगड उपटला. तो सहज निघाला, फार खोल पुरलेला नव्हता.

सगळे शेषेरावांकडं बघत होते. त्यांनी खिशातली फुटपट्टी काढली, बांधाला पडलेल्या एका भेगेत घातली आणि वाकून वाचली.

"जमीन सरकलीय," ते म्हणाले. "दुष्काळात सरकते."

मॅडमनी ते लिहून घेतलं नाही. कोंडाबाईनं ऐकलंही नसावं. तिची घागर तोवर विहिरीत उतरली होती आणि दोर अजून खाली जात होता.