घोडे भिंतभर, नवरदेव एक

माझ्या लग्नाआधी आम्ही अक्काबरोबर जळगावच्या थेटरात दुपारच्या खेळाला गेलो. सिनेमा कुठला होता ते विचारू नका, आठवत नाही. पण त्याआधी पडद्यावर नुसत्या रेघांचा एक उंदीर नाचून गेला, तो अजून माझ्या डोक्यात नाचतो आहे.

अक्का म्हणजे माझी आत्या. आमच्या मेहरूणमध्ये लग्नघरी दाराशेजारी गेरूने नवरदेवाचा घोडा काढावा, तर तिनेच. उंदीर बघून ती अस्वस्थ झाली. "काढला कुणीतरी, ते कळलं. पण चालवला कुणी?"

खेळ सुटल्यावर ती थेट मशीनवाल्याकडे गेली. त्याने तुटलेल्या फिल्मचा एक तुकडा दिला. अक्काने तो उन्हात धरला. उंदरामागे उंदीर, सगळे जागच्या जागी उभे, पाय तेवढा जरा जरा पुढे.

"अस्सं होय," अक्का म्हणाली.

माझ्या लग्नाला तिने भिंतभर घोडे काढले. प्रत्येकाचा पाय आधीच्याहून किंचित पुढे. पण एकही हलेना. शेजारच्या काकूंनी अंगणात उभं राहून विचारलं, "अक्का, नवरदेव किती येणार आहेत?"

आईचा चेहरा पडला. एका नवरीला एक घोडा, ही रीत. नवरदेवाकडची धुळ्याची माणसं काय म्हणतील? "वऱ्हाड यायच्या आत चुना फासा त्यांच्यावर," ती म्हणाली. अक्का चुन्याची बादली घेऊन आली.

कुंचला भिंतीला टेकणार, तोच रस्त्यावरून टांगा दौडत गेला. आत नवरदेवाचे आजोबा, आबा. रस्ता आणि अंगण यांच्यामध्ये आमचं फळ्यांचं कुंपण, दर दोन फळ्यांत बोटभर फट. टांगा पुढे जाऊन थांबला.

"मांगे ले भो," आबांचा आवाज आला. "हाऊ घोडा पयस."

टांगा मागे गेला, पुन्हा दौडत आला, पुन्हा मागे गेला. मुंडावळ्या बांधून मी खिडकीत, भटजींची नजर घड्याळावर, आणि व्याह्यांकडचे सर्वांत वडील गृहस्थ आमच्या दारावरून येरझाऱ्या घालताहेत. अक्काने बादली खाली ठेवली, पदर खोचला आणि रस्त्यावर जाऊन टांग्याला हात केला.

"आबा, जरा सरका. माझा घोडा पळताना मीही अजून पाहिला नाही."

पाठवणीला मी टांग्यात बसले. नवरी आता रडेल, मग रडेल, म्हणून सगळे माझ्या तोंडाकडे बघत होते. मी फटींकडे बघत होते. मागच्या पायाने जरा लंगडत होता, पण घोडा पळत होता.